कॅपकॉमचा पीएसपीवरचा संसार

ओसाकाच्या कॅपकॉम या व्हिडिओ गेम कंपनीने सोनीच्या पीएसपी या हातात धरून खेळायच्या यंत्रासाठी काढलेले गेम सालवार लावून पाहिले, तर त्यांत सरळ दोन घराणी दिसतात. एका घराण्यात जुना माल आहे: पार्लरमधल्या मशिनवर गाजलेले गेम एकाच डिस्कवर बांधून दिलेले, किंवा पूर्वीच्या एखाद्या गेमला नवे रूप देऊन पुन्हा बाजारात आणलेले. दुसऱ्या घराण्यात जवळपास एकच नाव आहे, आणि ते म्हणजे मॉन्स्टर हंटर, अवाढव्य प्राण्यांच्या शिकारीची मालिका. मला दोन्ही प्रिय आहेत. परंतु हातात मावणाऱ्या यंत्रावर नेमके काय खेळायचे असते, याचे उत्तर कॅपकॉमला दुसऱ्या घराण्यात सापडले असे माझे ठाम मत आहे, आणि यंत्राचे उत्पादन थांबून इतकी वर्षे लोटल्यावर नेमके तेच उत्तर जतन करणे सर्वांत अवघड होऊन बसले आहे.

पीएसपी जपानमध्ये १२ डिसेंबर २००४ रोजी विक्रीला आला आणि २०१४ मध्ये सोनीने त्याचा पुरवठा थांबवला. या काळात जगभरात त्याची विक्री आठ कोटींच्या आसपास पोहोचली. ४८० बाय २७२ पिक्सेलचा रुंद पडदा, पहिल्या मॉडेलमध्ये ३२ एमबी मेमरी, प्लास्टिकच्या कवचात बसवलेली यूएमडी नावाची छोटी डिस्क आणि डाव्या अंगठ्याखाली सरकणारी एक लहानशी चकती, असा त्याचा सरंजाम होता. यातल्या दोन उणिवा पुढच्या सगळ्या कथेत पुन्हा पुन्हा आडव्या येतात. एक म्हणजे डिस्क सावकाश वाचली जात असे. दुसरी म्हणजे टीव्हीच्या कन्सोलला असते तशी उजव्या अंगठ्याची दुसरी चकती या यंत्राला नव्हती.

आमच्या परभणीकडे पीएसपी दुकानातून घेतलेला असा क्वचितच दिसे. तो पुण्यात इंजिनिअरिंगला असलेल्या कुणाच्या तरी सॅकमधून किंवा दुबईहून सुट्टीवर आलेल्या एखाद्या मामाच्या बॅगेतून येत असे. यूएमडी विकत घेणारे त्याहून कमी. बहुतेकांच्या मेमरी स्टिकमध्ये, म्हणजे पीएसपीच्या मेमरी कार्डात, गेम कुणीतरी ‘टाकून’ दिलेले असत, हे लपवण्यात अर्थ नाही. त्या वर्षांत भारनियमन रोजचेच होते आणि टीव्हीला जोडायचा कन्सोल दुपारभर नुसता शोभेला पडून राही. बॅटरीवर चार-पाच तास चालणाऱ्या यंत्राची किंमत अशा गावात वेगळीच असते. जपानमध्ये लोकलच्या प्रवासासाठी जे यंत्र सोयीचे ठरले, ते आमच्याकडे वीज गेल्यावर हाताशी आले.

जुन्या मालाचा विचार करताना मराठवाड्यातल्या माझ्या वयाच्या वाचकाला आधी नव्वदच्या दशकातले व्हिडिओ गेम पार्लर आठवेल. बसस्टँडच्या आसपास, अंधाऱ्या गाळ्यात तीन-चार मशिन, गल्ल्यावर बसलेला मालक आणि रुपयाला एक कॉइन. आपण तिथे जे खेळत होतो त्यातले अर्धेअधिक कॅपकॉमचे होते, हे तेव्हा कुणाच्या गावीही नव्हते. २००६ मध्ये पीएसपीवर आलेल्या कॅपकॉम क्लासिक्स कलेक्शन रीमिक्स्ड या डिस्कमध्ये वीस गेम आहेत, आणि त्यांत फायनल फाइट, कॅप्टन कमांडो, स्ट्रायडर, मॅजिक सोर्ड ही मंडळी आहेत. त्याच वर्षीच्या रीलोडेड या जोडसंग्रहात नाइट्स ऑफ द राउंड, द किंग ऑफ ड्रॅगन्स, १९४२ आणि स्ट्रीट फायटर २ सापडतात. पार्लरमध्ये कॅप्टन कमांडो शेवटपर्यंत न्यायला खिसा रिकामा करावा लागे. इथे हवे तितके कॉइन एका बटणावर मिळतात, आणि त्यामुळेच या गेमांची खरी लांबी लक्षात येते. फायनल फाइट सरळ खेळला तर तासाभराच्या आत संपतो. तो लांब वाटायचा तो पैशांमुळे.

मात्र आमच्या भागातला सर्वांत लाडका गेम या दोन्ही संग्रहांत नाही. त्याचे खरे नाव कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स, साल १९९३; आपल्याकडे तो सर्वत्र ‘मुस्तफा’ म्हणूनच ओळखला गेला, कारण पिवळी टोपी घातलेला मुस्तफा धावत येऊन जी लाथ घाली तिला तोड नव्हती. हा गेम एका अमेरिकन कॉमिक्सच्या हक्कांवर आधारलेला होता, आणि असे हक्क संपले की कंपनी स्वतःचाच गेम पुन्हा विकू शकत नाही. मार्व्हलच्या पात्रावरचा द पनिशर याच कारणाने बाहेर राहिला. म्हणजे कॅपकॉमच्या संग्रहात कॅपकॉमचे सर्वोत्तम असतेच असे नाही; वकिलांच्या कात्रीतून जे सुटले ते असते. मुस्तफा नाही म्हटल्यावर माझ्या ओळखीच्या निम्म्या लोकांचा या डिस्कमधला रस तिथेच संपला, आणि मी त्यांना दोष देत नाही.

मारामारीच्या गेमांत कॅपकॉमने यंत्र बाजारात येण्याच्या दिवसापासून हजेरी लावली. डार्कस्टॉकर्स क्रॉनिकल हा गेम जपानमध्ये पीएसपीच्या सोबतच आला, आणि २००६ मध्ये स्ट्रीट फायटर अल्फा ३ मॅक्स आला, ज्यात ईगल, माकी, युन आणि इन्ग्रिड अशी पात्रांची भर घातलेली होती. चित्रे सुरेख, हालचाल चपळ, ऐवज भरपूर. पण पीएसपीची दिशाबटणे चार सुट्या तुकड्यांची असल्यामुळे तिरका दाब पकडताना अंगठा घसरतो, आणि खाली-तिरके-पुढे अशा एका ओघातल्या हालचालीवर ज्याचे सगळे चालते, त्या हाडोकेनला, म्हणजे हातातून ऊर्जेचा गोळा फेकण्याच्या डावाला, नेमका तोच तिरका दाब लागतो. मला हा गेम पाहायला आवडतो, खेळायला तितकासा नाही.

मेगा मॅनच्या बाबतीत मात्र कॅपकॉमने खरोखर मेहनत घेतली होती. मेगा मॅन पॉवर्ड अप हा १९८७ च्या पहिल्या मेगा मॅनचा नवा अवतार आहे: मोठ्या डोक्यांची खेळण्यांसारखी पात्रे, टाइम मॅन आणि ऑइल मॅन हे दोन नवे शत्रू, आणि स्वतःच्या पातळ्या रचून इतरांना पाठवण्याची सोय. त्यातली सर्वांत रसाळ युक्ती अशी, की एखाद्या शत्रूला इतर शत्रूंकडून मिळवलेल्या उसन्या शस्त्रांशिवाय, केवळ मेगा मॅनच्या साध्या बंदुकीने हरवले, तर तो शत्रूच पुढे खेळायला मिळतो. कट मॅन नावाचा शत्रू घेऊन त्याच पातळीवर पुन्हा उतरले की ज्या उड्या आधी सोप्या होत्या त्या अवघड होतात आणि अवघड होत्या त्या सोप्या. एकाच नकाशातून इतके काढणे सोपे नसते. मॅव्हरिक हंटर एक्स या जोडगेमने १९९३ च्या मेगा मॅन एक्सला तसेच नव्याने उभे केले, खलनायक व्हाइलला घेऊन खेळण्याचा वेगळा मार्ग दिला आणि सुमारे पंचवीस मिनिटांचा एक ॲनिमेशनपटही सोबत जोडला. दोन्ही गेमांची विक्री मनासारखी झाली नाही आणि पुढचे भाग आलेच नाहीत. माझ्या मते या संपूर्ण संसारातला सर्वांत मोठा अन्याय हाच आहे.

अल्टिमेट घोस्ट्स अँड गॉब्लिन्सबद्दल थोडक्यात सांगता येईल: दिसायला देखणा, स्वभावाने क्रूर, आणि कड्या गोळा करण्यासाठी झालेल्या पातळ्यांत पुन्हा पुन्हा फिरवणारा. पॉवर स्टोन कलेक्शन दोन संध्याकाळी मजेत जातील इतका. ब्रेथ ऑफ फायर ३ जपान आणि युरोपातच आला. इथे पीएसपीचा एक गुण कामी येतो, तो असा की गेमच्या डिस्कला प्रदेशाचे बंधन नाही. जपानची किंवा युरोपची डिस्क इथल्या यंत्रात बिनतक्रार चालते.

आता मॉन्स्टर हंटर. मूळ गेम २००४ मध्ये प्लेस्टेशन २ वर आला होता आणि त्याची बांधणी इंटरनेटवरून जोडून खेळण्यासाठी होती. १ डिसेंबर २००५ रोजी जपानमध्ये आलेल्या पीएसपीच्या पहिल्या भागात, जो बाहेर फ्रीडम या नावाने विकला गेला, इंटरनेटचा खेळच काढून टाकलेला होता. त्याऐवजी यंत्राच्या आतल्या वायरलेसवर शेजारी बसलेले चौघे थेट एकमेकांशी जोडले जात. कागदावर ही काटछाट वाटते. प्रत्यक्षात तिनेच मालिकेचे नशीब उघडले. जपानी शाळकरी मुले स्टेशनवर, बर्गरच्या दुकानांत, उद्यानांत पीएसपी काढून गोल करून बसू लागली. २००७ मध्ये दुसरा भाग आला, २००८ मध्ये त्याची वाढीव आवृत्ती आली, जी आपण फ्रीडम युनाइट म्हणून ओळखतो, आणि १ डिसेंबर २०१० रोजी पोर्टेबल थर्ड. कॅपकॉमच्या आकड्यांनुसार फ्रीडम युनाइटच्या सुमारे ३८ लाख आणि पोर्टेबल थर्डच्या सुमारे ४९ लाख प्रती गेल्या, आणि पोर्टेबल थर्ड तर केवळ जपानमध्ये विकला जात होता.

खेळ कसा आहे हे न खेळलेल्यांसाठी थोडे सविस्तर सांगायला हवे. शिकारीचा स्वतःचा स्तर वाढत नाही. वाढते ते त्याचे चिलखत आणि शस्त्र, आणि तेही मारलेल्या प्राण्याच्या खवल्यांतून, नख्यांतून, शेपटीतून घडवावे लागते. प्राण्याच्या डोक्यावर उरलेल्या ताकदीची पट्टी नसते. त्याच्याकडे पाहावे लागते. यान कुट-कु हा मोठ्या चोचीचा पक्षी मरणाच्या जवळ आला की त्याचे पंख्यासारखे कान मिटतात. टिग्रेक्स चवताळला की त्याच्या पुढच्या पायांवर लाल शिरा उमटतात. आणि बहुतेक सगळे अखेरीस लंगडत आपल्या गुहेकडे निघतात. शस्त्र बोथट झाले तर वाकून दगडावर धार लावायची, आणि तेवढा वेळ अंगावर काय धावून येईल याची हमी नाही. औषधाची बाटली प्याल्यावर शिकारी दोन्ही दंड फुगवून दाखवतो. हा दिखावा थांबवता येत नाही, आणि नवशिक्यांचा निम्मा जीव त्या एका क्षणातच जातो. मोहिमेला पन्नास मिनिटे, आणि संपूर्ण गटाला मिळून तीन वेळा बेशुद्ध होण्याची मुभा. तिसऱ्यांदा कुणीही पडला की सगळ्यांचीच शिकार फुकट.

शेवटचा नियम नीट पाहावा, कारण सगळी गंमत तिथे आहे. तुमच्या चुकीची किंमत शेजारचा मोजतो, आणि तो शेजारी हाताच्या अंतरावर बसलेला असतो. मी आणि माझा मावसभाऊ कॉलेजच्या वर्षांत मराठवाडा एक्स्प्रेसने परभणीहून औरंगाबादला, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरला, एकत्र जात असू. सेलू गेले की पीएसपी बाहेर निघत, दोघेही वाय-फायची सरकपट्टी पुढे ढकलत आणि जालना येईपर्यंत निदान एक नार्गाकुगा तरी आटोपायचा असा बेत असे. तो काळा, मांजरासारखा झेपावणारा प्राणी अंगावर आला की भाऊ मोठ्याने ओरडे, “पळायलाय, पळायलाय! पेंटबॉल मार की दादा, नकाशावरून जायलाय ते!” आणि समोरच्या बाकावर भुईमुगाच्या शेंगा सोलत बसलेले आजोबा चपापून खिडकीबाहेर पाहत. ज्याला गर्दीत बोलायची सवय नाही असा मुलगाही या खेळात आपोआप बोलू लागतो, कारण न बोलता चालतच नाही: सापळा कुणी लावायचा, शेपूट कुणी तोडायची, औषध कुणाकडे उरले, हे तोंडानेच सांगावे लागते.

दुसऱ्या चकतीच्या अभावी कॅमेरा फिरवण्याचे काम दिशाबटणांवर आले होते, आणि चालण्याची चकतीही त्याच बाजूला. मग अंगठा चकतीवर ठेवून तर्जनी आकड्यासारखी वाकवायची आणि तिच्या टोकाने वरची दिशाबटणे दाबायची, अशी एक पकड खेळाडूंनी शोधून काढली. जपानपासून अमेरिकेपर्यंत ती सगळ्यांना सुचली आणि इंग्रजीत तिला ‘क्लॉ’ म्हणू लागले. सुरुवातीला मनगट अवघडते, तर्जनीच्या मागच्या सांध्याला रग लागते, आणि काही दिवसांनी ती बोटे आपसूक तशीच बसतात. यंत्र घडवणाऱ्यांनी ज्याचा विचार केला नाही, ते लाखो लोकांनी स्वतःच्या हाताला शिकवले. सावकाश डिस्कवर मात्र कॅपकॉमनेच उपाय केला: फ्रीडम युनाइटमध्ये गेमचा काही भाग मेमरी स्टिकवर उतरवून ठेवण्याची सोय दिली. अर्ध्या जीबीहून थोडी अधिक जागा खर्च होई, पण एका भागातून दुसऱ्या भागात शिरताना जी वाट पाहावी लागे ती खूपच कमी होई.

एकट्याने खेळणाऱ्यासाठी फ्रीडम युनाइटने एक मांजर दिले, जे लुटुपुटूची तलवार घेऊन मागे मागे धावते आणि ऐन वेळी बॉम्ब आपल्याच पायाशी टाकते. त्याची सोबत गोड आहे; पण सभागृहातल्या, म्हणजे गटाने खेळायच्या, मोहिमा चौघांच्या हिशेबाने आखलेल्या आहेत आणि एकटा माणूस उतरला म्हणून प्राण्याची ताकद कमी होत नाही. आमच्या गावात चार पीएसपी एका ओसरीवर जमणे दिवाळीच्या सुट्टीतच शक्य होते. जपानबाहेर या मालिकेला तेव्हा फारसे यश मिळाले नाही, त्याचे कारण अनेकजण खेळाच्या अवघडपणात शोधतात. मला ते भूगोलात दिसते. जिथे दाट वस्ती आहे, सगळे रेल्वेने जातात आणि वर्गातल्या निम्म्या मुलांकडे तेच यंत्र आहे, तिथे चौघे जमतात. जिथे पुढचा पीएसपी तालुक्याच्या पलीकडे आहे, तिथे नाही. पुढे २०१८ मध्ये मॉन्स्टर हंटर वर्ल्ड इंटरनेटसह सगळीकडे आला आणि कॅपकॉमच्या इतिहासातला सर्वाधिक खपाचा गेम ठरला, यावरून खेळ जगाला कधीच जड नव्हता असे म्हणायला जागा आहे.

जे आलेच नाही त्याचीही नोंद घ्यावी लागते. २००९ च्या ई-थ्री या व्हिडिओ गेमच्या प्रदर्शनात पीएसपीसाठी कॅपकॉमच्या रेसिडेंट इव्हिल या भयपटासारख्या मालिकेतल्या नव्या गेमची घोषणा झाली होती. तो गेम कधीच दिसला नाही. पोर्टेबल थर्ड इंग्रजीत अधिकृतपणे आलाच नाही, शेवटी चाहत्यांनीच त्याचे भाषांतर केले. आणि कॅपकॉमने मालिकेचे मुख्य भाग निन्टेन्डोच्या थ्रीडीएस या प्रतिस्पर्धी हातातल्या यंत्राकडे नेले: २०११ च्या डिसेंबरात एक, २०१३ मध्ये दुसरा. पीएसपीच्या जागी सोनीने आणलेल्या व्हिटाला जपानमध्ये जो धक्का बसला, त्यात या निर्णयाचा वाटा लहान नसावा.

आज हा संसार कुठे उरला आहे, याचा हिशेब पहिल्या घराण्यासाठी सोपा आहे. पार्लरचे गेम कॅपकॉम आर्केड स्टेडियम या नव्या संग्रहात आले, डार्कस्टॉकर्सचे मूळ भाग २०२२ च्या फायटिंग कलेक्शनमध्ये आले. मॅव्हरिक हंटर एक्सचा ॲनिमेशनपट २०१८ च्या मेगा मॅन एक्स संग्रहात घेतला गेला, पण गेम घेतला नाही, हे मात्र खटकते. पीएसपीवरूनच थेट खरेदी करण्याची सोय सोनीने जुलै २०२१ मध्ये बंद केली. जुन्या यूएमडी अजून विकत मिळतात. घेताना कवचाची मागची पारदर्शक बाजू सुटलेली नाही ना ते पाहावे. यंत्र घेताना बॅटरीचे झाकण सपाट बसते का ते बोट फिरवून तपासावे, कारण फुगलेली बॅटरी आधी तिथेच जाणवते, आणि अशी बॅटरी चार्जिंगला लावूच नये.

दुसऱ्या घराण्याचे तसे नाही. फ्रीडम युनाइट २०१४ मध्ये आयफोनवर आला होता, पोर्टेबल थर्डची एक सुधारित आवृत्ती जपानमध्ये प्लेस्टेशन ३ वर निघाली, आणि तेवढेच. पण डिस्क हाती असली तरी शेजारी बसणारे तीन जण कुठून आणायचे, हा प्रश्न उरतोच. २०१२ पासून असलेल्या पीपीएसएसपीपी या एम्युलेटरने, म्हणजे दुसऱ्या यंत्रावर पीएसपीचे सोंग घेणाऱ्या प्रोग्रॅमने, त्यातला बराच भाग सोडवला आहे. आपल्या स्वतःच्या डिस्कची प्रत काढून ती साध्या फोनवर चालते, आणि पीएसपीची जवळच्या यंत्रांना जोडण्याची पद्धतही त्याने जुळवली आहे, त्यामुळे एकाच हॉटस्पॉटवर दोन-तीन फोन जोडून शिकारीला निघता येते. कंट्रोलर लावला तर दिशाबटणे उजव्या चकतीवर नेता येतात, म्हणजे तर्जनी वाकवायची गरज राहत नाही. माझ्या भाच्यांना मी हे असेच लावून दिले.

नव्याने सुरुवात करणाऱ्याने मेगा मॅन पॉवर्ड अप आधी खेळावा, मग दोन सोबती गाठून फ्रीडम युनाइटच्या सभागृहात जावे, आणि पोर्टेबल थर्ड शेवटी ठेवावा. त्याची चाल इतकी सफाईदार आहे, की तो आधी खेळला तर फ्रीडम युनाइटचे जडपण नंतर सोसवत नाही. जपानी डिस्कमध्ये होकारासाठी फुलीऐवजी गोलाचे बटण असते, हे मात्र सुरुवातीलाच लक्षात ठेवावे, नाहीतर जतन करायच्या पाटीवर हटकून नकार दिला जातो.